‘या’ म्हणायची चोरी

दुसऱ्यानं लिहून दिलेलं वाक्य आमच्या मावसभावाच्या तोंडून जसंच्या तसं बाहेर पडल्याचं आजवर कोणी ऐकलेलं नाही, आणि यात त्याच्या लग्नातला उखाणाही आला. मेव्हण्यांनी चिठ्ठीवर लिहून दिलेला दोन ओळींचा साधा उखाणा होता. पठ्ठ्यानं पहिली ओळ म्हटली आणि तेवढ्यात त्याला मांडवात शिरलेली शेळी दिसली. मग ती शेळी कोणाची, तिला आमंत्रण कोणी दिलं, तिच्याकडून आहेर काय येणार, असं करत करत उखाणा बँडवाल्यांपर्यंत जाऊन पोचला. भटजींनी दोनदा घड्याळ पाहिलं. शेवटी नाव घ्यायचं राहिलंय हे सगळे विसरले अशी खात्री पटल्यावर यानं बायकोचं नाव घेतलं. मांडव हसून लोळला. नवरी तेवढी रुसली, कारण तिनं आठवडाभर पाठ केलेला उखाणा आता कोण ऐकणार होतं? आज हाच माणूस टीव्हीवर विनोदी कामं करतो. मी त्याचा थोरला मावसभाऊ, साताऱ्यात मास्तरकी करून निवृत्त झालेला. पोरांकडून पाठांतर करून घेण्यात माझा जन्म गेला, त्यामुळे आमचं दोघांचं कसं जमलं हे मलाही नीट सांगता येत नाही.

तो वाढला कडेगावजवळच्या एका वस्तीवर. आता तिकडं पाणी आलंय, घराच्या भिंतीला लागून ऊस उभा असतो. तेव्हा नुसता माळ होता आणि माळावर मावशीची शेरडं. त्या शेरडांमागं फिरताना हा एकटाच सगळ्या गावाची बोलणी बोलायचा. तलाठीही हाच, सरपंचही हाच आणि दोघांचं भांडण सोडवणारी म्हातारीही हाच. “शेरडास्नी टाळ्या वाजवता येत न्हाईत दादा, पर ती मधनं उटून बी जात न्हाईत,” हे आपल्या पहिल्या प्रेक्षकांबद्दल त्याचं मत. पुढं कॉलेजला सांगलीत गेला आणि नाटकात शिरला. एका स्पर्धेत दिग्दर्शकानं फार विचार करून त्याला प्रेताचं काम दिलं. प्रेताला वाक्यं नसतात, तेव्हा बदलणार काय? पण ऐन वेळी विधवेचं काम करणाऱ्या मुलीला पुढचं काही आठवेना. ती नुसतीच रडत राहिली. प्रेतानं बराच वेळ धीर धरला, मग ते उठून बसलं, “ती बिचारी किती सांगंल? मीच सांगतो काय झालं त्ये,” म्हणालं, उरलेली सगळी गोष्ट सांगून टाकली आणि परत चादर ओढून आडवं झालं. नाटक गंभीर होतं. त्याला अभिनयाचं उत्तेजनार्थ बक्षीस मिळालं आणि दिग्दर्शक पुढं त्याच्याशी वर्षभर बोलला नाही.

हे सगळं स्टेजपुरतं असतं तर माझी तक्रार नव्हती. पण त्याचा एक नियम होता आणि तो नियम तो घरीदारीही पाळायचा. “समोरच्यानं काय बी टाकू दे, आपुन झेलायचं. ‘न्हाई’ म्हनलं की खेळ खलास.” एकदा लोणंदच्या स्टँडवर एसटीची वाट पाहत उभा असताना एका म्हाताऱ्यानं त्याला खांद्याला धरून विचारलं, “जावाई, तुमी हितं कुटं?” दुसरा कोणी असता तर ‘तुमची चूक होतेय’ म्हणाला असता. हा म्हणाला, “तुमच्याकडंच निगालोय की.” म्हाताऱ्याला दिसायचं कमी. दोघं गप्पा मारत घरी गेले. वाटेत यानं सासूबाईंच्या गुडघेदुखीची चौकशी केली, कांद्याच्या भावावर मत दिलं. घरी नेमकी ती लेक माहेरपणाला आलेली. ती पाण्याचा तांब्या घेऊन बाहेर आली आणि किंचाळलीच, “आवं आबा, ह्यो कोन?” हा शांतपणे म्हणाला, “मी बी मगाधरनं त्योच इचार करतोय.” त्या माणसांनी त्याला जेवू घातलं. अजून त्या गावच्या जत्रेचं आमंत्रण त्याला येतं, आणि तो जातो.

मुंबईत मात्र हा गुण बरीच वर्षं कोणाच्या कामी आला नाही. पोस्टमन, हवालदार, गर्दीतला तिसरा, अशी कामं. गावाकडं येता-जाता साताऱ्याला आमच्याकडं उतरायचा, जेवायचा, आणि उठायचं नाव घ्यायचा नाही. “बराय, येतो,” म्हणून दारापर्यंत जायचा, तिथं काहीतरी आठवायचं, की परत येऊन झोपाळ्यावर बसायचा. आमची ही ताटं उचलून, घासून, फडताळात लावून मोकळी व्हायची तरी हा आपला निघतोच आहे. “तुमच्या भावाला ‘या’ म्हणायची सोय नाही,” असं ती एकदा वैतागून म्हणाली. ते वाक्य त्यानं ऐकलं होतं की नाही, देव जाणे.

कारण त्याचं नशीब उघडलं ते याच शब्दावर. एका विनोदी कार्यक्रमात त्याला पाहुण्याचं बारकंसं काम होतं. पत्र द्यायचं, “बराय, येतो,” म्हणायचं आणि निघून जायचं. आपल्याकडं ‘जातो’ कोणी म्हणत नाही. यजमानीण झालेल्या नटीला पुढं वाक्यच लिहून दिलेलं नव्हतं, पण घरच्या सवयीनं तिच्या तोंडून गेलं, “या.” हा दारातून वळला, चपला काढल्या, आत येऊन मांडी घालून बसला. “या म्हनलासा न्हवं? आलो.” लोक हसले. नटी मुरलेली, तिनं चहा दिला. चहा पिऊन हा पुन्हा म्हणाला, “येतो.” ती ओठ दाबून गप्प. पण प्रेक्षकांतूनच कोणीतरी ओरडलं, “या!” आणि हा पुन्हा आत. पुढच्या भागापासून तो कायमचा पाहुणा झाला.

मग काय विचारता! महाराष्ट्रात कोणाच्याही घरून सरळ निघून जाणं अशक्य झालं. आमचे डॉक्टर पेशंटला ‘या’ म्हणायचे बंद झाले. मी भाजीवाल्याला “येतो” म्हटलं तर तो “या” म्हणून पुन्हा भाजी भरायला पिशवी मागायला लागला. मला मनातून अभिमान वाटायचा, हे इथंच सांगून टाकतो. पण एका दुपारी तो गावाहून येताना आमच्याकडं उतरला, चार घास खाऊन हात धुतला आणि म्हणाला, “दादा, आय मला आता ‘ये’ म्हनत न्हाई.”

मला आधी हसूच आलं. तो हसला नाही. “मी ‘येतो गं’ म्हनलं की ती आत शेरडांकडं जाती. न्हाईतर ‘दार वडून घे’ म्हनती. चार खेपा झाल्या. मी चार्जर इसरल्याचं सोंग केलं, पाय मुरगळल्याचं केलं, शेजारच्या तात्याच्या आवाजात ‘येतू वैनी’ म्हनलं. कायच न्हाई.” कोणाचंही काहीही झेलणारा हा माणूस, पण आईनं टाकलंच नाही तर झेलणार काय? त्याच्या वडलांना जाऊन बरीच वर्षं झाली आहेत आणि मावशी आता काठी घेऊन चालते. घरातून निघताना कानावर पडणारा तिचा तो एक शब्द घेऊन तो मुंबईला जायचा. तो शब्द मिळाल्याशिवाय त्याला गाडीत बसवत नव्हतं. “तू इचार तिला. तुला सांगंल ती.”

मी गेलो. मावशी शेरडांपुढं पाला टाकत होती. मी विषय काढताच तिनं काठी भिंतीला टेकवली. “मास्तर, लोकं दारात येत्यात, ‘मावशी येतो’ म्हनत्यात आन् मोबाइल धरून हुबी ऱ्हात्यात, मी ‘या’ म्हनायची वाट बगत. त्ये बी सोसलं. पर शेजारची आक्का गेली, तिचं दिवस घालून लेक सासरी निगाली. आता माह्यारात तिला कोन ऱ्हायलंय? म्हून मी वाटंपतूर गेले, तिच्या तोंडावरनं हात फिरवला, म्हनलं, ‘ये गं बाई.’ तर टेंपोतली पोरं फिदीफिदी हसली. एक वरडला, ‘म्हनलासा न्हवं? आलो!’ आन् ती पोरगी बी हसली रं. डोळ्यात पानी, आन् हसली.” तिनं हातातला उरलेला पाला शेरडांपुढं टाकला. “सोन्यासारका शबूद, त्येचा पार चिवडा केला ह्येनं. आता कुनाला काय म्हनायचं मी? ‘जा’ म्हनू व्हय लेकराला?”

एवढ्या वर्षांच्या मास्तरकीत मला कोणी असा प्रश्न विचारला नव्हता. मी त्याला फोनवर सगळं जसंच्या तसं सांगितलं, एक शब्द न बदलता. “कळलं दादा,” म्हणून त्यानं फोन ठेवला.

पुढच्या भागाचं चित्रीकरण झालं. पाहुणा आला, बसला, हसवलं, उठला. “येतो.” नटी म्हणाली, “या.” सगळ्या प्रेक्षकांनीही म्हटलं, “या!” त्यानं दारातून सगळ्यांना हात जोडले आणि तो निघून गेला. लोक टाळ्या वाजवत दाराकडं बघत राहिले. तो आलाच नाही. तेही गमतीतच धरून तो भाग तसाच दाखवला. नंतर मात्र कार्यक्रमवाल्यांनी समजावलं, मग दम दिला. याचं एकच म्हणणं, “दुसरं काय बी सांगा, करतो. ह्ये न्हाई.” जन्मात पहिल्यांदा तो कोणाला तरी ‘न्हाई’ म्हणाला, आणि स्वतःच सांगितल्याप्रमाणं खेळ खलास झाला. पाहुण्याच्या जागी दुसरा कोणी आणला. तो काही चालला नाही, पण आमच्या माणसाला त्याचा काय उपयोग? तो पुन्हा हवालदार झाला.

आईला त्यानं यातलं अक्षर सांगितलं नाही. पण तो भाग लागला त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी मावशीचा मला फोन. आवाजात काळजी. “मास्तर, काल ह्यो परत आत का आला न्हाई? बरं न्हाई व्हय त्येला?” म्हणजे इतके दिवस ती सगळं बघत होती तर! मी म्हटलं, “मावशी, त्याला तो शब्द तुझ्याकडून पाहिजे होता, म्हणून तिथं ठेवून आला.” “शेरडं वरडाय लागल्यात,” ती म्हणाली. मग तिनं फोन ठेवला.

गेल्या महिन्यात मी मावशीकडं असतानाच तो येऊन दोन दिवस राहिला. निघताना मी त्याच्या गाडीत बसलो. तो दारात उभा राहिला. “येतो, आये.” कुंपणापलीकडं शेजारची माणसं जमलेली होती, त्यांतल्या एकीच्या हातात मोबाइलही होता. मावशीनं सगळ्यांकडं एकदा बघून घेतलं, पदराला हात पुसले, त्याच्या तोंडावरून फिरवले. “ये,” म्हणाली. आणि मग, “आन् फिरून आत बसू नगोस. घाटात गर्दी लागंल.”

वस्ती खो खो हसली. तोही हसला, डोळे पुसत. कुणीही लिहून न दिलेलं वाक्य ऐन वेळी असं टाकायचं तो कोणाकडून शिकला, हे मला त्या दिवशी कळलं.

साताऱ्यात त्यानं मला फाटकाशी सोडलं. ही चहा टाकते म्हणाली, पण त्याला दुसऱ्या दिवशी सकाळचं काम होतं. “येतो दादा.” मी म्हटलं, “ये.” आणि खरं सांगतो, फाटक लावायला माझा हात पुढं झाला नाही. वाटलं, आता हा वळेल, चपला काढेल, झोपाळ्यावर बसेल आणि आमच्या हिचा वैताग पुन्हा सुरू होईल. गाडी कोपऱ्यापर्यंत गेली, वळून दिसेनाशी झाली. आत हिनं सवयीनं तीन कप मांडले होते.