माझ्यावर केस करणाऱ्या भोईर बाई

कोर्टाची तारीख असली की आदल्या दिवशी मधल्या सुट्टीत भोईर बाई माझ्या टेबलाशी यायच्या. डब्याच्या झाकणात सुकटीची चटणी काढून माझ्यापुढे सरकवायच्या आणि म्हणायच्या, "उद्या तारीख हाय. ध्यानात हाय ना? आनि साडी साधी नेस. मागल्या टायमाला लग्नाला आल्यासारखी आलीस." केस त्यांनीच केलेली होती, माझ्याविरुद्ध. त्या जिंकल्या की माझी नोकरी जाणार होती.

नवघरच्या आमच्या शाळेत विज्ञानाच्या शिक्षकाची एकच अनुदानित जागा होती. राई गावच्या भोईर बाई त्या जागेवर माझ्या कितीतरी आधी लागल्या. पण तेव्हा त्यांचं बी.एड. झालेलं नव्हतं, म्हणून शिक्षण खात्याने नेमणुकीला मान्यता दिली नाही. घर, पोरं, शाळा सांभाळून त्यांनी बी.एड. केलं. आता संस्थेने मान्यतेचा प्रस्ताव पुन्हा पाठवायचा. तो पाठवलाच नाही. बाईंना विनाअनुदानित तुकडीवर ढकललं आणि त्या जागेवर मला घेतलं. मी लग्न होऊन दादरहून भाईंदरला आलेली, पदवी आणि बी.एड. दोन्ही तयार. माझी मान्यता बिनबोभाट आली. बाईंचं म्हणणं एवढंच, की बी.एड. झालं त्या दिवसापासून ती जागा त्यांची. खरं सांगायचं तर मला ते पटायचं. पटून काही उपयोग नव्हता, कारण त्या जागेवर मी बसले होते.

स्टाफरूमला आमच्या भांडणाची फार आशा होती. आम्ही एका डब्यात जेवतो हे पाहून लोकांचा हिरमोड व्हायचा. एकदा चित्रकलेच्या सरांनी बाईंना विचारलंच, "तिच्याशी कसं काय बोलता तुम्ही?"

"ती कुठं पळून चाललीय? कोर्टात भेटायचंच हाय," बाई म्हणाल्या. "हितं कशाला तोंड फिरवू?"

माझ्या बाळंतपणाच्या रजेत दहावीचे तास घ्यायला बाईच पुढे झाल्या. ते कळल्यावर माझे वकील हादरले. त्या जागेवर शिकवल्याची नोंद झाली, तर ती नोंदच बाई कोर्टात दाखवतील, असं त्यांचं म्हणणं. मी चाचरत बाईंना फोन केला.

"तुझा वकील शाना हाय," त्या म्हणाल्या. "त्याला सांग, मस्टरवर सही न्हाय करत मी. पोरांचं वर्ष बुडवू काय?"

आणि खरंच, कुठेही सही न करता त्यांनी वर्गाला प्रकाशाचं वक्रीभवन शिकवलं, कार्बनी संयुगं शिकवली, सराव परीक्षेचे पेपरही तपासले. आयता पुरावा हातचा घालवला म्हणून त्यांच्या वकिलांनी त्यांना चांगलंच झापलं म्हणे. रजा संपवून मी आले ती डोळ्यांत पाणी घेऊनच. बाईंनी मला नीट निरखलं. "रडू नको. केस मागं घेणार न्हाय मी. जागा माझीच हाय." त्याच आठवड्यात त्यांनी लवकर सुनावणी मिळावी म्हणून अर्ज टाकला.

निकाल लागला तो त्यांच्या बाजूने. कोर्टाबाहेरच्या व्हरांड्यात मी जाऊन त्यांचं अभिनंदन केलं.

"खोटं बोलायला तुला जमत न्हाय," त्या म्हणाल्या. "आधी रडून घे. मंग चहा घेऊ."

मी रडले. मग आम्ही चहा घेतला.

पुढच्या रविवारी बाई आमच्या घरी हजर. बसायच्या आधीच म्हणाल्या, "वरच्या कोर्टात जा."

"तुमच्याविरुद्ध?"

"निकाल माझा लागलाय, मंग दुसऱ्या कुनाविरुद्ध जाशील? चूक संस्थेची. तुझी मान्यता काय खोटी व्हती? नि वकील बदल. तो जज्जसमोर पुटपुटतो निस्ता."

त्यानंतर त्या दर रविवारी यायला लागल्या. अपिलात कुठला मुद्दा घ्यायचा, स्वतःच्या केसमधली कुठली बाजू लंगडी आहे, हे त्या मला समजावून सांगायच्या. नवरा आतल्या खोलीत जाऊन बसायचा. मला मात्र पुन्हा तारखा नको होत्या. मूल लहान होतं आणि मीरा रोडच्या एका खाजगी शाळेत मला काम मिळत होतं. एका रविवारी मी त्यांना सांगून टाकलं, की मी अपील करणार नाही.

बाईंनी अर्धा चहा तसाच खाली ठेवला. इतक्या वर्षांत त्यांना माझ्यावर रागावलेलं मी पाहिलं नव्हतं. त्या उठल्या, दारात चपला घातल्या आणि माझ्याकडे न बघताच म्हणाल्या, "मंग येवढी वर्षं मी भांडले ती कुनाशी?"

त्या अजून माझ्याशी बोलत नाहीत.