बेरू का वाळतोय, हे विचारायला म्हैसूरला

या ब्लॉगवर ‘बेरू’ वाचणाऱ्यांना ठाऊक आहे की गोष्ट अर्ध्यात थांबली आहे. नव्याने आलेल्यांसाठी थोडक्यात सांगते. आम्ही दोघांनी रचलेल्या अंबुल नावाच्या जगात घराघरांखालून मुळांचं एक जिवंत जाळं पसरलेलं आहे. तो बेरू. चुलीची ऊब, दिव्याचा उजेड, सगळं त्याच्यातून येतं. एखाद्या घरात कोणी आजारी पडलं की शेजारचे दिवे मंद होतात, कारण बेरू त्यांच्या वाटची ऊब तिकडे वळवतो. अंबुलमधली माणसं मी लिहायची, बेरू श्रीनिवासरावांचा. ते म्हैसूरचे. लष्कर मोहल्ल्यात त्यांचं शिंपीकामाचं दुकान, घरात पिढ्यान्‌पिढ्या मराठी. नेटवरच्या एका लेखनगटात ओळख झाली, भेट कधीच नाही.

शेवटच्या प्रकरणात बेरू वाळू लागला. का, ते त्यांनाच माहीत होतं. “वसुधाताई, फोनवर सांगायची गोष्ट नव्हे ती, लिहूनच पाठवतो,” म्हणाले, आणि त्याच आठवड्यात त्यांना पक्षाघाताचा झटका आला.

पुढे काही महिन्यांनी त्यांच्या पत्नी सरोजाताई फोनवर म्हणाल्या, “चालतात, जेवतात. बोलणं तेवढं थोडं गेलंय.” त्या ‘थोडं’वर विसंबून मी तिकीट काढलं.

मिरजेहून म्हैसूरला थेट गाडी आहे. आरक्षण लवकर करा, दसऱ्याच्या सुमारास जाणार असाल तर लॉजचंही. सकाळी उतरले, स्टेशनजवळ लोण्याचा गोळा घातलेला जाडसर दोसा खाल्ला. स्वस्त आणि पोटभर. त्यांचं घर कुवेंपुनगरला, तिकडच्या बस सारख्या सुटतात. पाटी कन्नडमध्ये असते, पण कंडक्टरला नाव सांगितलं की तो बरोबर उतरवतो. मी खुशीत होते. काय काय विचारायचं ते मनात घोळवत होते.

दार सरोजाताईंनीच उघडलं. “अय्यो, उन्हात चालत आलात होय? ऑटो करायची की हो!”

श्रीनिवासराव खुर्चीत बसले होते. इस्त्रीचा सदरा, उजवा हात मांडीवर निपचित. मला पाहून हसले आणि स्वच्छ आवाजात म्हणाले, “बन्नि, कूतकोळ्ळि.”

या, बसा, एवढं मलाही कळलं. मी बोलायला लागले. गोष्टीबद्दल, वाचकांबद्दल, प्रवासाबद्दल. ते माझ्या ओठांकडे बघत राहिले, अनोळखी भाषेतल्या पाहुण्याकडे आपण बघतो तसे. मग त्यांनी सरोजाताईंकडे वळून काहीतरी विचारलं.

“काय म्हणतात?” मी विचारलं.

“विचारतात, या कुठल्या भाषेत बोलतात म्हणून.” त्यांनी पदर सारखा केला. “मराठी गेली हो त्यांची. कन्नड राहिली, अष्टे, तेवढीच. डॉक्टर म्हणाले, होतं असं कुणाकुणाला. फोनवर कसं सांगू? तुम्ही आला नसतात.”

मी नुसतंच म्हणाले, “बेरू.”

त्यांचा चेहरा उजळला. “बेरु! बेरु!” हात टेकत उठले, मला फाटकापर्यंत घेऊन गेले. बाहेर गुलमोहराच्या मुळांनी फूटपाथ उचकटला होता. त्या मुळावर चप्पल आपटून त्यांनी मला पुन्हा शिकवलं, “बेरु.” कन्नडमध्ये मुळाला बेरु म्हणतात, हे मला तेव्हा कळलं. त्यांच्याजवळ शब्द होता. त्यातलं अंबुल नव्हतं.

त्या संध्याकाळी राजवाड्यासमोर गेले. रविवार होता, रोषणाई होती. तुम्ही जाल तेव्हा जरूर बघा. हजारो दिवे एकदम लागले आणि गर्दीतून ‘ओ’ उठला. मला तिथे उभं राहवेना.

दुसऱ्या दिवशी सरोजाताईंना विनवलं, माझा एक प्रश्न कन्नडमध्ये विचारा. त्यांनी विचारला: बेरू का वाळतोय?

त्यांनी गॅलरीकडे पाहिलं. मला वाटलं, आता उत्तर येणार.

“नीरिल्ल,” म्हणाले.

“पाणी नाही, म्हणतात.”

तोवर ते डाव्या हाताने तांब्या घेऊन गॅलरीत गेले होते. कढीपत्त्याच्या कुंडीत पाणी ओतून समाधानाने परत आले. मला हेच उत्तर म्हणून घट्ट धरावंसं वाटत होतं. सरोजाताई हळूच म्हणाल्या, “नका मनाला लावून घेऊ. कुंडीचं बोलले ते.”

निघताना त्या बसस्टॉपपर्यंत आल्या. मीच रडवेली होते, आणि रडायचा हक्क माझा नाही हे मला त्या बोलू लागल्यावर समजलं.

“लग्न झाल्यापास्नं आम्ही दोघं मराठीच बोललो. कन्नड दुकानात, गिऱ्हाइकांशी. मला ‘तू’ म्हणायचे, ‘सरू’ म्हणायचे. आता म्हणतात, ‘नीवु कॉफी कुडीतीरा?’ म्हणजे, आपण कॉफी घेणार का?” त्या रस्त्याकडे बघत होत्या. “रोज सकाळी विचारतात हो. गिऱ्हाइकाला विचारावं तसं.”

“आणि तुमचा मुलगा? त्याच्याशी मराठीत बोलता ना?”

“तो बेंगळुरूला. मराठी समजते त्याला, बोलत नाही.”

बस आली.

घरी येऊन पुढचं प्रकरण लिहायला बसले. बेरू वाळण्याचं कारण मी शोधू शकले असते, वाचकांना पटलंही असतं. पण ते माझं असतं, त्यांचं नसतं. म्हणून ‘बेरू’ इथेच थांबवते आहे. पुढे काय, ते कृपया विचारू नका.

परवा दुपारी सरोजाताईंचा फोन आला. काम काही नव्हतं. सार केलं होतं, पापड वाळत घातले होते, एवढंच. “मराठी बोलावंसं वाटलं, म्हणून केला,” म्हणाल्या. मागून श्रीनिवासरावांचा आवाज आला, “यारु?” कोण आहे, असं. त्या कन्नडमध्ये काहीतरी बोलल्या.

“माझं नाव सांगितलंत?” मी विचारलं.

“नाही हो. माझ्या माहेरची कुणी आहे म्हटलं. तुमचं नाव सांगितलं असतं तर, ती कोण, म्हणाले असते.”