इस्त्रीखालचा कोळी

मास्तरांना कोळ्याची भारी शिसारी. झुरळ चालेल, पाल चालेल, पण ते लांब केसाळ पाय नजरेला पडले की या शिंप्याच्या घशाखाली घास उतरत नसे. आणि नेमका त्यांच्या मशीनच्या वरच्या कोपऱ्यातच एक मुक्कामाला! जाळं झाडावं, तर सकाळी पुन्हा तिथंच, वर त्यात चिलटांची सालपटं लोंबकळलेली. शी! बायको म्हणायची, अहो, तो कधी तुमच्या वाटेला जातो का, पाऊल वाजलं की बिचारा पाय आवळून गप्प बसतो. मास्तर म्हणत, गप्प नाही, टपून बसतो मेला.

मास्तरांची लेक नर्स झाली होती. कामावर रुजू होताना पांढरा कोट बाबांच्याच हातचा हवा, एवढंच तिनं मागितलं. तयार कपड्यांच्या दुकानांवर तर मास्तरांचा जुना दात. तिथला कोट म्हणजे बाह्या लावलेलं पोतं, असं ते गिऱ्हाइकांना ऐकवत. त्यांनी कोटात जीव ओतला. आदल्या संध्याकाळी शेवटची इस्त्री चालली होती, तेवढ्यात तो कोळी धाग्यावरून सरसर उतरला आणि थेट छातीवरच्या खिशावर बसला.

मास्तरांनी त्याच्यावर इस्त्री आदळली. पण मग ती उचलवेना. खाली काहीतरी चिरडलेलं, चिकट असणार. इस्त्री तशीच टाकून ते मोरीकडे धावले आणि भडाभडा ओकले. करपल्याचा वास आला, तेव्हा वाटलं कोळीच जळतोय. पुन्हा ओकले.

वासानं लेक धावत आली. तिनं इस्त्री उचलली. खिशाच्या जागी काळं भोक पडलं होतं. कोळी टेबलाच्या कडेखाली, धाग्याला लटकून, पाय पोटाशी घेऊन बसला होता.

"बाबा, तो तर केव्हाच पळाला होता," ती हळूच म्हणाली.

नवा शिवायला कापड उरलं नव्हतं. बायको चप्पल अडकवून बाजारात गेली.

सकाळी कोपऱ्यात जाळं पुन्हा तयार होतं, कुठे उसवण नाही. मास्तरांनी झाडू उचलला आणि तसाच खाली ठेवला.

लेक तयार कोट घालून समोर उभी राहिली. खांदे उतरलेले, बाह्या बोटांवर आलेल्या. "बरा दिसतोय ना, बाबा?"

मास्तर हो म्हणाले. बाह्या दुमडून टीप मारून देऊ का, एवढं विचारायलाही त्यांना तोंड उरलं नव्हतं.