आईला ठेवा, मला काढा

“आईला ठेवा. मला काढा,” हेमांगी म्हणाली आणि माझ्या लॅपटॉपचं झाकण तिनेच मिटलं.

डहाणूच्या किनाऱ्यावरच्या एका मच्छीमार घरावर आमची डॉक्युमेंटरी होती. २०१४ ला शूटिंग सुरू झालं तेव्हा हेमांगी आठ वर्षांची. २०१९ ला मी रफ कट घेऊन गेलो. रफ कट म्हणजे कच्ची जोडलेली फिल्म, जिच्यात अजून बदल करता येतात; एकदा लॉक केली की नाही. फिल्मचे दिग्दर्शक, आमचे सर, म्हणाले होते, “दाखवायची काय गरज?” पण मी तलासरीकडचा, उधव्याचा. आमच्या घरात कॉलेज शिकलेला पहिला. लहानपणी आमच्या पाड्यावर गाड्या यायच्या, आम्हा पोरांचे उघड्या अंगाचे फोटो काढून माणसं निघून जायची. ते फोटो आम्ही कधी पाहिले नाहीत. म्हणून मी दाखवतोच.

शॉट असा होता. वाळत घातलेल्या बोंबलांखाली आई हेमांगीच्या उवा काढतेय. पोरगी रडतेय. आई हसत पाठीत धपाटा घालते, “हलू नको गं, माकडे!” पुढे दोन वर्षांनी आई तापाने गेली. जवळून घेतलेला तिचा तेवढाच शॉट.

“शाळेत दाखवणार ना तुम्ही? उवावाली म्हणतील मला.”

तिला सांभाळणारी मावशी चिडली. “अगं, आई दिसते त्यात! दुसरीकडे कुठे दिसणार तुला?”

“म्हणून तर सांगते, तिला ठेवा.”

मी प्रयत्न केला. फ्रेम कापून फक्त आईचा चेहरा मोठा केला. चित्र फुटलं. शिवाय आईची नजर खाली, हात खाली. पोरगीच नाही, तर आई हसतेय कुणाकडे बघून?

ऑफिसात सर म्हणाले, “हा शॉट फिल्मचा जीव आहे. आणि आपल्याकडे संमतीपत्रावर सही आहे.”

“सही आईची आहे, सर.”

“मग?”

“उवा हेमांगीच्या होत्या.”

सरांनी माउस माझ्याकडे सरकवला. “काढ,” म्हणाले. “तूच काढ. माझ्याने नाही होणार.”

मी काढला. आता फिल्ममध्ये आई लांबून दिसते, डोक्यावर टोपली, पाठमोरी. शॉटची कॉपी तेवढी मावशीच्या मोबाइलमध्ये टाकून दिली.

पुढच्या खेपेला मावशीला विचारलं, “बघते का ती?”

“बघत नाय. मोबाइल पालथा ठेवते नि ऐकते.”

शूटिंगच्या आधी आम्ही घरातल्या मोठ्यांना विचारतो, चालेल ना? ते विचारायचंच. पण जिला खरं विचारायचं असतं, ती काही वर्षांनी भेटते. तोवर फिल्म लॉक करायची नाही.