वाण म्हणून दिलेला हरकतीचा फॉर्म

अन्याय झाला तो माझ्या आत्यावर आणि तिच्या गल्लीतल्या इतर दहा घरांवर. कधी झाला तेही सांगते: गेल्या डिसेंबरातल्या पहिल्या मंगळवारी, सकाळी साडेदहाला.

त्या वेळी पाण्यापलीकडच्या मोठ्या गावात, कौन्सिलच्या उबदार हॉलमध्ये, किनाऱ्याचा नवा नकाशा टेबलावर पसरलेला होता. समुद्र चढतोय, वादळं वाढतायत, तेव्हा यापुढे कुठला बांध राखायचा आणि कुठला सोडून द्यायचा, हे त्यावर रंगांनी दाखवलं होतं. आत्याच्या बेटाचा दक्षिण कोपरा लाल होता. लाल म्हणजे डागडुजी बंद, पाणी येईल तसं येऊ द्यायचं. या, बघा, हरकत नोंदवा, असं पत्र सगळ्यांना गेलं होतं. आणि नेमकी त्या सकाळी वादळामुळे फेरीबोट बंद. ज्या समुद्राबद्दल बोलायचं होतं, त्यानेच बेटावरच्या माणसांना घरी बसवलं. कौन्सिलने इतिवृत्तात लिहिलं: बेटावरून कोणाचीही हरकत आली नाही.

हे वाचून मी मँचेस्टरहून निघाले. विद्यापीठात गेल्यापासून मी पत्रकं लिहिते, वाटते आणि त्यावरून भांडते. या खेपेला चार पानी पत्रक केलं होतं, मथळा ‘आम्हाला बुडवणारे कोण?’ असा. दोन गठ्ठे पाठीवर घेऊन बेटावर उतरले.

आत्या डॉक्टर. पुण्याहून इथल्या हॉस्पिटलात आली, मग या बेटावर जीपी, म्हणजे फॅमिली डॉक्टर, झाली आणि निवृत्त होऊनही इथेच राहिली. गल्लीतल्या निम्म्या घशांत तिने डोकावलेलं आहे. तिने माझं पत्रक एक्स-रे धरावा तसं खिडकीच्या उजेडात धरलं.

“राग आहे, ते कळलं,” ती म्हणाली. “लक्षणं कुठायत? पाणी कोणाच्या घरात, कधी, कितव्या पायरीपर्यंत आलं?”

मी म्हटलं, ते तर सगळ्यांना माहीतच आहे.

“दुखतंय हे पेशंटलाही माहीत असतं गं. म्हणून आम्ही विचारायचं सोडतो का?”

मला राग आला आणि मी पत्रकं दारोदार टाकून आले. दुसऱ्या दिवशी ती रीसायकलिंगच्या डब्यांत व्यवस्थित रचलेली दिसली. एका बाईंनी तर माझ्यादेखत ओल्या गमबुटांत बोळे करून कोंबली. म्हणाल्या, कागद चांगला आहे, पाणी छान शोषतो.

लेखी हरकतीची मुदत मात्र फेब्रुवारीअखेरपर्यंत होती. घरटी एक फॉर्म. आत्याने ते छापून आणले आणि मला गप्प बसायला सांगून जानेवारीतल्या हळदीकुंकवाच्या तयारीला लागली.

हे हळदीकुंकू ती दरवर्षी करते. बेटावर मराठी बाई ती एकटीच, म्हणून सगळी गल्ली बोलावते. मामा, म्हणजे आत्याचे यजमान, गेले त्या वर्षी वॉटफर्डच्या नातेवाइकांनी, आता कसं करणार, म्हणून विचारलं होतं. आत्याने सांगितलं, हळदीकुंकू नवऱ्याचं नसतं, घराचं असतं. यंदाही भर दुपारी दहा घरांतल्या बायका आल्या. आत्या कुंकू लावता लावता एकेकीची केस हिस्टरी घ्यायची. कधी आलं पाणी? सकाळी की दुपारी? वारा कुठून होता? वाण म्हणून प्रत्येकीला स्टीलची वाटी, आणि वाटीत गुंडाळी करून फॉर्म. घरी जाऊन हे सगळं त्यात लिहा, सही करा, असं तिने बजावलं.

मुदत संपायला सहा दिवस उरले तेव्हा मी कौन्सिलला फोन केला. बेटावरून किती हरकती आल्या? एक, असं उत्तर मिळालं. ती आत्याचीच होती.

मी तणतणत समोरच्या घरी गेले. तिथे एक निवृत्त शाळामास्तरीण राहतात. शेकोटीवरच्या फळीवर, घड्याळ आणि नातवंडांचे फोटो यांच्या मध्ये, ती वाटी. वाटीत फॉर्म, ठळक अक्षरात शेवटच्या ओळीपर्यंत भरलेला, सही केलेला. वर एक पांढरं फूल.

“तुम्ही पाठवला का नाहीत?”

“वाण कोणाला द्यायचं नसतं ना?” बाई दुखावून म्हणाल्या. “तुझ्या आत्यानेच सांगितलंय.”

खरंच सांगितलं होतं. काही वर्षांपूर्वी आपण दिलेल्या वाट्या आत्याला दान आलेल्या वस्तू विकणाऱ्या चॅरिटी शॉपच्या खिडकीत दिसल्या, तेव्हा तिने हा नियम ठोकून दिला होता: वाण घरातच जपायचं, बाहेर गेलं की घराचं भाग्य जातं. मास्तरीणबाईंनी तो सगळ्या गल्लीकडून पाठ करून घेतला होता. मी दहाही घरं फिरले. दहाही फॉर्म भरलेले, दहाही फळ्यांवर. एकीने तर फ्रेम केला होता.

आत्या ऐकून इतकी हसली की तिला खाली बसावं लागलं. मग डोळे पुसून म्हणाली, नियम मी काढला, मीच फिरवते. तिने गल्लीत निरोप पाठवला की या वाणाचं उद्यापन असतं. सगळ्यांनी मिळून ते पाण्यापलीकडे पोचवलं की व्रत पुरं होतं.

“आत्या, हे सरळसरळ खोटं आहे.”

“इतिवृत्तापेक्षा कमी,” ती म्हणाली.

शुक्रवारी सकाळी समुद्र ताटासारखा सपाट होता. फेरीवर आम्ही बाराजणी, हातात वाट्या. रथसप्तमी उलटून गेली होती, पण नियम मोडलेच होते, म्हणून उरलेला तिळगूळही बरोबर होता. कौन्सिलच्या काउंटरवर माझ्याच वयाचा एक अधिकारी बसला होता. मी भाषण पाठ करून गेले होते. आत्याने माझं कोपर दाबलं आणि त्याच्यापुढे तिळगूळ धरला.

“हे घ्या,” ती म्हणाली. “आणि आम्ही सांगतो ते लिहून घ्या.”

त्याने खाल्ला. मग कागदावरचे पिवळे-लाल ठिपके कसले, ते विचारलं. मास्तरीणबाईंनी शांतपणे सांगितलं, आमचा शिक्का आहे तो. तो वाचायला लागला. तिसरी पायरी, दुपार, नैर्ऋत्येचा वारा, फ्रीझर तरंगला. दुसरी पायरी, पहाट, मांजर कपाटावर. सगळे कागद संपेपर्यंत त्याने मान वर केली नाही. मग म्हणाला, बांधाची उंची आमच्याकडे आहे, पण पायऱ्या कोणी कधी कळवल्या नव्हत्या.

मार्चमधल्या मोठ्या भरतीला तो स्वतः बेटावर आला. गल्लीत उभा राहिला आणि बुटांत पाणी शिरल्यावर मास्तरीणबाईंचे लोकरी मोजे घालून परत गेला. त्यानंतर सुनावणी बेटावरच्या चर्चच्या हॉलमध्ये झाली, आणि आमचा कोपरा लालचा नारिंगी झाला: घरं कधी आणि कुठे हलवायची हे रहिवाशांना विचारून ठरेपर्यंत बांधाची डागडुजी चालू राहील.

मी नाचत होते. आत्या बांधावर बसून केळं खात होती. म्हणाली, समुद्र काही आपला फॉर्म वाचत नाही, एक दिवस इथून उठावं लागणारच. पण उठा म्हणणाऱ्याने आधी दार वाजवायचं.

मी नवं पत्रक केलं, एकच पान. त्यात राग नाही. अकरा घरं आणि अकरा पायऱ्या, बस. गमबुटात गेलं नाही एकही. फ्रीजवर चिकटवलंय लोकांनी.

आता तुम्ही. नदीकाठी राहा, खाडीकाठी राहा, नाहीतर टेकडीवर. आपल्या कौन्सिलचा पुराचा नकाशा आज उघडा आणि आपली गल्ली कुठल्या रंगात आहे ते बघा. खाली राहणाऱ्या शेजाऱ्याला पायरी विचारा, ती लिहा. आणि भरलेला फॉर्म फळीवर ठेवू नका. पोस्टात टाका, उद्या सकाळी.