जोतीरामची चौकशी

माझा कुणावर चटकन विश्वास बसत नाही, आणि परवापरवापर्यंत मला त्याचा अभिमान होता. इंदापूरच्या तहसील कचेरीत अकरा वर्षं दाखल्यांच्या टेबलावर बसल्यावर माणसाचं असंच होतं. जिवंत माणूस समोर उभा राहून हयातीचा दाखला मागतो आणि आपण त्याला म्हणतो, "कशावरनं?" घरीही माझा तोच खाक्या. भाजीवाल्याच्या काट्यापासून डॉक्टरच्या गोळीपर्यंत सगळं मी तपासून घ्यायचो. आई म्हणायची, "ह्यो आपल्या सावलीला बी वळून बघतो, कुनाची म्हनून."

त्यात चुलत बहिणीचं, सारजाचं, लग्न फसलेलं. नवरा कारखान्यात सुपरवायझर म्हणून सांगितला होता. लग्नानंतर कळलं, त्याला कुठेच नोकरी नाही. त्या दुधानं तोंड पोळलं होतं, म्हणून धाकट्या बहिणीच्या वेळी मी ताक फुंकायला बसलो होतो. वडील नव्हते, जबाबदारी माझीच. मेघना डी.एड. होऊन इंदापुरातच शाळेवर लागली होती. १९९३च्या जानेवारीत तिला कळंबच्या जोतीरामचं स्थळ आलं.

स्थळ आपल्यातलंच. बाप गंगाराम, वालचंदनगरला कारखान्यातून निवृत्त झालेला. मुलगा काय करतो, विचारलं तर म्हणे, गिटार वाजवतो. पोटासाठी काय करतो, विचारलं तर म्हणे, तेच. माझ्या मनात पाल चुकचुकली ती तिथे.

मुलगी बघायला आला तेव्हा मी मुलीपेक्षा त्यालाच जास्त प्रश्न विचारले. आय.टी.आय. करून तो वालचंदनगरला उमेदवारीला लागला होता. तिथे ड्रॉइंगच्या खात्यात गोव्याचे एक वयस्कर गृहस्थ होते, गिटार वाजवायचे. त्यांनी त्याला जाझ आणि सोल शिकवलं.

"म्हणजे काय?"

"अमेरिकेतल्या काळ्या लोकांचं संगीत, भाऊसाहेब. गुलामीतनं आलेलं. पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मला वाटलं, हे आपल्याच वस्तीवरचं हाय."

वाक्य चांगलं होतं. माझ्या मनात आलं, खोटं बोलणाऱ्याला वाक्यं चांगलीच सुचतात.

पुढे उमेदवारी सोडून तो पुण्याला गेला. संध्याकाळी कॅम्पातल्या एका हॉटेलात बँडबरोबर जाझ वाजवायचा, दिवसा स्टुडिओत. जत्रेची गाणी, भीमगीतं, लावण्या, जे असेल त्यात मागे गिटार. "दोनशेवर कॅसेटींत मी हाय," असं अगदी साधेपणाने म्हणाला आणि एक कॅसेट काढून दिली. खंडोबाच्या गाण्यांची होती. त्या हंगामात इंदापूर स्टँडवरच्या प्रत्येक चहाच्या गाड्यावर तीच वाजत होती. मी चष्मा लावून कव्हर वाचलं. गायिका, गीतकार, संगीत, निर्माता, एवढंच काय, कव्हर छापणाऱ्या प्रेसचंही नाव होतं. जोतीराम कुठेच नव्हता.

"वाजवणाऱ्यांची नावं टाकत नाहीत," तो म्हणाला. "कोण विचारतं?"

"मी विचारतोय की."

रजा टाकून मी पुण्याला गेलो. जिन्याखालचा तो स्टुडिओ सापडला. मालक म्हणाला, "अहो, रोज वीस जण वाजवून जातात, कुणाकुणाची नावं ठेवायची?" हॉटेलात जोतीराम कुणालाच माहीत नव्हता. गिटार वाजवणारा एक 'जो' मात्र होता. परतीच्या एस.टी.त मी हिशेब मांडला: एक माणूस, दोन नावं, कागद एकही नाही. वर धर्म बदलला की काय, हीही शंका. आई म्हणाली, "आरं, आपन बी बदललाच की." पण मी ऐकण्याच्या मनःस्थितीत नव्हतो.

शेवटी मी त्याला निरोप धाडला: गिटार घेऊन ये. अंगणात लोखंडी खुर्ची टाकली. भावकीतली पाचसात माणसं साक्षीला बोलावली. म्हटलं, "त्या कॅसेटमधलं पहिलं गाणं वाजवून दाखव. ते इथं पोराटोरांना पाठ आहे."

त्याने डोळे मिटले, पायाने ठेका धरला आणि सुरू केलं. चक्. मग गप्प. चक् चक्. मग गप्प. मध्येच तारेवरून बोट घसरून एक हुंदक्यासारखा सूर, आणि पुन्हा चक्. आम्ही गाणं सुरू होण्याची वाट बघत राहिलो. आईने हळूच विचारलं, "पोरगं आजून तारा जुळवतंय व्हय?" कुणीतरी फिसकन हसलं. त्याने डोळे उघडले, सगळ्यांकडे बघितलं आणि म्हणाला, "झालं. माझं एवढंच असतं त्यात."

"आणि गाणं कुठं हाय?" मी विचारलं.

"गाणं बाई म्हणती."

माणसं खो खो हसली. स्वयंपाकघराच्या दारात मेघना उभी होती. ती हसत नव्हती. तिच्या पायाचा अंगठा अजून ठेक्यात हलत होता. ते बघून मला जास्तच राग आला. म्हटलं, हा आम्हाला शेंडी लावतोय आणि हिला ती दिसतही नाही. दुसऱ्या दिवशी कळंबला नकार कळवला.

आता जे सांगायचं ते सांगताना जीभ जड होते. पंधरा दिवसांनी मेघनाच्या नावाने पत्र आलं. मी ते फोडलं. तपासायला, असं स्वतःला सांगितलं. आत चारच ओळी होत्या: 'त्या दिवशी वाजवलं ते खरं होतं. वॉकमनला ती कॅसेट लावा आणि हेडफोनची पिन अर्धी बाहेर ओढा. बाईचा आवाज जाईल, मागचं राहील. ते ऐका आणि मग काय ते ठरवा. मी थांबतो.' मला ती नवीन शेंडी वाटली. पत्र फाइलला लावलं, फाइल माझ्या ट्रंकेत ठेवली आणि कुलूप घातलं. मेघनाला बोललो नाही.

तिने पुढे तीन स्थळं नाकारली. कारण सांगायची नाही. एकदा फक्त आईला म्हणाली, "खरा असता तर एक पत्र तरी टाकलं असतं त्यानं." मी शेजारच्या खोलीत बसून ते ऐकलं आणि पेपर वाचत राहिलो.

१९९५च्या नोव्हेंबरात मतदारयादी तपासायला कळंबकडे निघालो होतो. एस.टी. चुकली, तेव्हा म्हस्कू नावाच्या ओळखीच्या ड्रायव्हरने उसाच्या ट्रॅक्टरवर घेतलं. टेपवर तीच खंडोबाची कॅसेट. एका खड्ड्यात ट्रॅक्टर आदळला आणि गाणारी बाई एकदम नाहीशी झाली.

"बिघडला काय रं?"

"न्हाय वो भाऊसाहेब. मागची वायर ढिली हाय. खड्डा आला की बाई जाती आन् वाजंत्री ऱ्हाती. फुडच्या खड्ड्यात येती परत."

आणि मग मला ऐकू आलं. चक्. गप्प. चक् चक्. गप्प. मध्येच घसरलेल्या बोटाचा तो हुंदका. जागच्या जागी, आमच्या अंगणात वाजला होता तसाच. पुढच्या खड्ड्याने बाई परत आणू नये म्हणून मी म्हस्कूला म्हटलं, "खड्डा चुकव रे बाबा." त्याने माझ्याकडे विचित्र नजरेने बघितलं. त्या माणसाने आम्हाला त्याचा पुरावा वाजवून दाखवला होता आणि आम्ही हसलो होतो.

कळंबला उतरलो तो यादी बगलेत मारून थेट गंगारामआबांच्या घरी.

"जय भीम, भाऊसाहेब. यादीसाठी आला?"

"जय भीम. जोतीराम कुठं असतो आबा?"

"बोटीवर. परदेशी लोकं फिरत्यात, त्या बोटीवर. वरीस झालं." मग आवाज खाली आणून म्हणाले, "तितं गिटार वाजवतो म्हनं. पर बोटीवर वाजवायला कोन पगार देतं वो? मला तर वाटतं, पोरगं भांडी घासत आसंल. तुमी सरकारी मानूस. जरा चौकशी करा की."

"चौकशी नको, आबा. वाजवतोच तो. मी ऐकलंय."

कागद न बघता मी कुणाची हमी दिली ती जन्मात पहिल्यांदा. मग विचारलं, "लग्न केलं का त्यानं?"

"न्हाय. म्हनतो, येकदा तपासून झालं, आता बास."

आबांनी दाखवलेल्या त्याच्या पत्राच्या पाकिटावरचा पत्ता मी कचेरीतल्या सर्वांत चांगल्या अक्षरात उतरवून घेतला.

संध्याकाळी ते जुनं पत्र आणि पत्ता मेघनासमोर ठेवले. सगळं सांगितलं, काही लपवलं नाही. मला वाटलं होतं, रडेल, नाहीतर माझ्यावर ओरडेल. तिने पत्र वाचलं. फोडलेली कड बघितली, पोस्टाचा शिक्का उजेडात धरून तारीख वाचली. मग पत्त्याच्या चिठ्ठीवर बोट ठेवून म्हणाली, "हे खरं कशावरनं?"

मी शेजारून वॉकमन मागून आणला. तिने कॅसेट लावली, पिन अर्धी ओढली आणि भिंतीकडे तोंड करून पूर्ण गाणं ऐकलं. मी त्याच लोखंडी खुर्चीवर बसलो होतो. ऐकून झाल्यावर तिने हात पुढे केला.

"ट्रंकेची चावी दे, दादा."

माझ्यादेखत तिने एकेक फाइल उघडून बघितली, आणखी काही निघतं का ते. काही नव्हतं. तरी तिने शेवटची फाइल बघितल्यावरच ट्रंक मिटली.

उत्तर तिने दुसऱ्याच दिवशी लिहिलं. मी म्हटलं, कचेरीला जाताजाता पोस्टात टाकतो. ती चपला घालून स्वतः जाऊन टाकून आली.