चार वेळा लागलेला दम

बाजारातले लोक तिला शेपूट म्हणत. तोंडावर म्हणत, आणि तीही "काय रे?" म्हणून वळून बघे, इतकं ते अंगवळणी पडलं होतं. नाव पडायचं कारण साधं. पाहुण्यांना डोंगरावर नेणारे बाकीचे वाटाडे लाल झेंडा खांद्यावर टाकून ऐटीत पुढे चालत, आणि ही बाई सगळ्यांच्या मागे. पाहुणे दहा असोत की दोन, हिची जागा शेवटची. कोणी विचारलंच तर म्हणायची, "पुढे जाऊन काय करू? वाट कुठे पळून चालली आहे? मागे राहतात ती माणसं."

हे तिने कुठल्या पुस्तकात वाचलं नव्हतं. डोंगरावर तीन गावं आहेत. एक छपराचे पातळ दगड फोडणाऱ्यांचं, एक विणकरांचं, एक मधवाल्यांचं. तिन्ही गावांच्या बोली वेगळ्या, पण खालचे शहरवाले सगळ्यांना एकाच मापात घालून 'वरचे' म्हणून मोकळे होतात. तिचा बाप दगडवाल्यांपैकी. पाठीवर दगड घेऊन माणसं रांगेने खाली उतरत, तेव्हा सगळ्यात दणकट गडी सगळ्यात मागे असे. कारण मागचा घसरला तर बघायला कोणी नसतं. तिचा बाप वीस वर्षं शेवटचा चालला. आई विणकरांची. म्हणजे घरातच दोन बोली, तिसरी बाजाराची, आणि चौथी पाहुण्यांची. ही चौथी ती पाहुण्यांच्या पिशव्या वाहता वाहता शिकली.

होय, पिशव्याच. एकवीस वर्षं. छातीवर बिल्ला लावलेला वाटाडा खालचा असे, आणि ती त्याची हमाल. तो वरच्या गावात उभा राहून पाहुण्यांना सांगे, "या लोकांना आकडेमोड जमत नाही." आणि हे तो सांगतोय कुणासमोर, तर तिच्या मावशीसमोर, जिच्या मागावर सहाशे चाळीस धागे असतात आणि एकाचीही नोंद कागदावर नसते. हिचं रक्त उकळायचं. पण पाठीवर दुसऱ्याचं ओझं असताना भांडता येत नाही हो, भांडायला पाठ मोकळी लागते.

पुढे पाहुणेच तिला मागून घेऊ लागले. बिल्ला दुसऱ्याचा, वाट हिची, असं काही वर्षं निभावलं. मग कचेरीतून फर्मान निघालं. पुढच्या महिन्यापासून बिल्ला नसलेल्याने पाहुणे घेऊन वर पाऊल टाकायचं नाही. शाळेचा दाखला नसला तरी चालेल, पण वीस वर्षं वाटेवर काढलेली हवीत, एक लेखी पेपर द्यायचा आणि एक दिवस परीक्षक साहेबांना बरोबर घेऊन फेरी करून दाखवायची.

लेखी पेपर ती पास झाली. लेकीने पंधरा दिवस तिची अशी उलटतपासणी घेतली होती की पेपर त्यापुढे सोपा वाटला. राहिली ती फेरी. आजवर वरच्यांपैकी एकाच्याही छातीवर बिल्ला लागला नव्हता. त्यामुळे फेरीची तारीख तिन्ही गावांना पाठ होती. नापास झाली तर ज्या वाटेवर ती जन्मली त्याच वाटेवर तिला मनाई होणार होती.

सकाळी सातला कचेरीच्या अंगणात साहेब हजर. कडक इस्त्रीची पँट, हातात फळी, फळीवर छापील तक्ता, आणि बूट इतके नवे की आतला कागद तरी काढलाय की नाही अशी शंका यावी. पाहुणे सहा. त्यातल्या एक सत्तरीच्या निवृत्त मुख्याध्यापिका. त्यांना सगळे आपसूकच मोठ्या बाई म्हणू लागले. दुसरा लक्षात राहावा असा म्हणजे गळ्यात भलामोठा कॅमेरा अडकवलेला एक जण, जो पहिल्या पायरीपासून फोटो काढत होता.

साहेबांनी तिच्या हातात झेंडा दिला. "नियमाप्रमाणे तुम्ही पुढे."

तिने झेंडा घेतला आणि सरळ मोठ्या बाईंच्या हातात ठेवला. "झेंडा पुढेच राहील साहेब. मी मागून येते."

साहेबांनी तक्त्यावर काहीतरी लिहिलं. मग तिच्यावर लक्ष ठेवायचं म्हणून तेही मागे आले. ती थांबली. "तुम्ही माझ्या पुढे चला. माझ्या मागे कोणी चालत नाही."

साहेबांनी पुन्हा लिहिलं. दिवसाची सुरुवात ही अशी झाली.

आता तिची एक खोड सांगायला हवी, नाहीतर पुढचं काही कळायचं नाही. एवढ्या वर्षांत तिने कुठल्याही पाहुण्याला "तुम्ही दमलात, बसा" असं कधी म्हटलं नव्हतं. माणूस डोंगरावर येतो तो चारचौघांत आपली फजिती करून घ्यायला येत नाही. म्हणून कोणाचे पाय थकले, कोणाला गरगरलं, कोणाच्या पोटात कळ आली, की ती स्वतःच मटकन खाली बसायची. "थांबा हो जरा, मला दम लागलाय." मग सगळेच बसत, ज्याला बसायचं असे तोही बसे, आणि त्याचं त्याला माहीत. खरं तर हिला दम लागलेला कोणी बघितलाच नव्हता.

पावणेनऊच्या सुमारास दगडी पायऱ्यांवर पुढचा लाल झेंडा हळूहळू खाली यायला लागला. आधी खांद्यावर होता, मग कमरेशी आला, मग काठीसारखा जमिनीला टेकू लागला. तिने मागून ते हेरलं आणि लगेच दगडावर बसली. "मला दम लागलाय." मोठ्या बाईंनी सुटकेचा निःश्वास टाकला. साहेबांनी घड्याळ बघून वेळ लिहिली.

दुसऱ्यांदा ती बसली कड्याकडेच्या अरुंद वाटेपाशी. कॅमेरावाल्याने फोटो काढायचं बंद केलं होतं आणि कॅमेरा दोन्ही हातांनी छातीशी घट्ट धरला होता. खालची दरी बघून त्याचं अवसान गळालं होतं. ती बसली, इकडचं तिकडचं बोलली, आणि उठताना गप्पांच्या ओघात त्याला डोंगराच्या बाजूला घेऊन स्वतः दरीच्या कडेने चालू लागली. साहेबांनी दुसरी वेळ लिहिली.

दगडवाल्यांच्या गावात मात्र तिचा रंग निराळा होता. एका घरापुढे उभी राहून तिने वर बोट दाखवलं. "हे छप्पर आमचं. माझ्या वडिलांनी घातलंय. सदतीस वर्षं झाली, एक थेंब गळत नाही. चौथ्या ओळीत तो कोपरा तुटलेला दगड दिसतो? तो माझ्या हातून पडला होता. मी आठ वर्षांची. मला वाटलं आता मार बसणार. वडिलांनी तोच उचलून बसवला. म्हणाले, राहू दे, ही तुझी सही." पाहुणे मान वर करून बघत राहिले. 'हे लोक' नाही, 'आमचं'. त्या वाटेवर हा शब्द पाहुण्यांनी फार कमी ऐकला असेल. साहेबांनीही ऐकला आणि पेन थांबवलं, हे तिने पाहिलं. तिची मान ताठ झाली.

पण त्याच वेळी तिला आणखी एक गोष्ट दिसली. साहेब डावं पाऊल नुसत्या बाहेरच्या कडेवर टाकत होते. मागून चालणाऱ्याला चेहरे दिसत नाहीत, टाचा दिसतात. नव्या बुटाने टाच सोलून काढली होती आणि साहेब दातावर दात दाबून चालत होते. परीक्षा घ्यायला आलेला माणूस, तो कसा सांगणार?

एक वाक्य पुरलं असतं. "साहेब, तुमचा पाय बघू." सगळ्यांना कळलं असतं की ही बाई काय बघते आणि का थांबते. तिच्या जिभेवर आलंही. मग समोर सहा पाहुणे दिसले, साहेबांची कडक इस्त्री दिसली, आणि तिने शब्द गिळला. रस्त्याकडेला बसली. "दम लागलाय हो."

"तिसऱ्यांदा," साहेब म्हणाले, आणि स्वतःही टेकले.

विणकरांच्या गावात तिची मावशी मागावर बसली होती. ठरलेली वेळ वीस मिनिटांची. हिने मावशीला सहाशे चाळीस धाग्यांतला प्रत्येक रंग उलगडून सांगायला लावलं आणि स्वतः पाहुण्यांच्या भाषेत सांगत बसली. एक तास झाला. कॅमेरावाल्याने गंमत म्हणून एक धागा बोटाने हलवला. मावशीने बघितलंही नाही, पाठमोरीच म्हणाली, "तीनशे बारावा. जागेवर ठेव." भाचीने ते सांगितलं तेव्हा पाहुण्यांची हसून पुरेवाट झाली. साहेब दाराशी बसून होते. तक्त्यावर लिहिलं, चाळीस मिनिटं उशीर.

मावशी आपल्या बोलीत भाचीला म्हणाली, "काय गं, वर येताना बसत बसत आलात म्हणे. तुला कधीपासून दम लागायला लागला? परवा तर पाणी भरलेली कळशी घेऊन पळत आलीस." मग तिची नजर दाराशी गेली, बुटावर गेली. विणकराची नजर ती, तिला सुटलेला धागा लगेच दिसतो. "अस्सं. त्याचा पाय होय?"

"बोलू नकोस मावशी. त्यांना नको कळायला."

"आणि तुझा बिल्ला?"

मावशीने उठून मऊ चिंध्यांचं गाठोडं आणलं. हिने प्रत्येकाच्या हातात दोन दोन पट्ट्या दिल्या. "उतरताना टाच बांधलेली बरी असते. सगळ्यांनीच बांधा." पाच जणांनी तिथेच बसून बांधल्या, मोठ्या बाईंना तिने स्वतः बांधून दिल्या. साहेब पट्ट्या घेऊन भिंतीमागे गेले आणि बऱ्याच वेळाने आले.

मधवाल्यांचं गाव खालच्या अंगाला. तिथून उतरताना ती चौथ्यांदा बसली. आता कारण सांगायला नको.

संध्याकाळी साडेपाचला सगळे कचेरीच्या अंगणात पोचले. निकाल पाहुण्यांसमोर वाचायचा असा नियम होता. साहेब पायरीवर बसले आणि वाचू लागले. "वाटेची माहिती, उत्तम. भाषा, उत्तम. गावांशी संबंध, उत्तम. चालण्याची जागा, नियमाविरुद्ध, शेवटी. वेळेचं भान, अपुरं. शारीरिक क्षमता, अपुरी. उमेदवाराला चार वेळा दम लागला. सबब," इथे ते जरा थांबले, "सबब शिफारस करता येत नाही. तुमचं काही म्हणणं आहे?"

तिच्या डोळ्यांसमोर तिन्ही गावं आली, पंधरा दिवस जागलेली लेक आली.

"नाही साहेब," ती म्हणाली आणि सही करायला पेन मागितलं.

"थांबा," मोठ्या बाई म्हणाल्या. चाळीस वर्षं वर्गात वापरलेला आवाज तो, पेन हवेतच राहिलं. "पहिला दम माझा होता. पायऱ्यांवर माझी छाती भरून आली होती. मी कुणाला सांगितलं नाही, आणि हिने मला सांगायला लावलं नाही. मला वाटलं, योगायोग."

कॅमेरावाला खाली बघत पुटपुटला, "कड्यापाशी माझे पाय लटपटत होते. मलाही योगायोगच वाटला."

साहेबांनी तक्ता वर धरला. चारही वेळा त्यांनी स्वतःच्या हाताने लिहिल्या होत्या. पहिली, दुसरी. मग तिसरीवर बोट ठेवलं आणि तिथेच राहिलं. चौथीवर ठेवलं. मग त्यांनी फळी बाजूला ठेवली, वाकले, आणि सगळ्यांदेखत डाव्या बुटाची नाडी सोडली. मावशीची पट्टी टाचेला चिकटून लाल झाली होती.

"शेवटचे दोन माझे," साहेब म्हणाले.

कोणी हसलं नाही. तीच म्हणाली, "नाही हो साहेब, लागतो मला दम. वय झालं आता."

"पुरे बाई." साहेबांचा आवाज खाली आला होता. "सांगायचं होतंत. एका शब्दाने बिल्ला मिळाला असता तुम्हाला."

"बिल्ला माझा होता साहेब," ती म्हणाली. "पाय तुमचा होता. तुमचं मी कसं सांगणार?"

साहेबांनी तो तक्ता फाडला नाही, नियमाचा माणूस तो. 'अपुरं' आणि 'अपुरी' हे दोन शेरे आणि 'शिफारस करता येत नाही' ही ओळ खोडली, बाजूला स्वतःची सही केली. 'चालण्याची जागा' पुढे 'शेवटी' एवढंच ठेवलं आणि 'नियमाविरुद्ध' वर रेघ मारली. मग लंगडत उठून, एका पायात बूट आणि दुसरा हातात, तिला वाकून नमस्कार केला.

बिल्ला तीन आठवड्यांनी आला. पितळेचा, बोटभर. ती तो लावून पहिल्यांदा वर गेली तेव्हा दगडवाल्यांच्या गावात माणसं छपरांवरून काम टाकून उतरली. तिच्या बापाने, आता ऐंशीचा, बिल्ला बोटांनी चाचपला आणि तिच्या पाठीवर हात ठेवला, जिथे एकवीस वर्षं ओझं असायचं तिथे. तिला रडू आलं आणि तिने ते लपवलं नाही.

मावशी मात्र मावशीच. मागावरून मान वर करून म्हणाली, "छान आहे. पण तू चालणार शेवटी. तुझ्या छातीवरचा बिल्ला दिसणार कुणाला?"

"ज्याला दम लागेल त्याला," शेपूट म्हणाली. "तोच मागे वळून बघतो."